दोन नावांचा वादक : जिओव्हानी पुंटो

पळून गेलेल्या नोकराला पकडून आणा, असा हुकूम कोणताही धनी देईल. बोहेमियातील काउंट थुन या सरदाराने याहून वेगळा हुकूम दिला. त्याच्या पदरचा एक विशीतला वादक चार सोबत्यांसह जहागिरीतून पसार झाला होता. काउंटने मागोमाग शिपाई पाठवले आणि त्यांना बजावले की, हा हाती लागला तर त्याचे पुढचे दात पाडा.

दातच का? तो तरुण हॉर्न वाजवीत असे. हॉर्न हे ओठांनी वाजवायचे वाद्य आहे. धातूच्या लहानशा मुखनळीवर ओठ टेकवायचे, त्यांच्या थरथरीतून सूर काढायचा, आणि त्या ओठांना मागून आधार असतो तो पुढच्या दातांचा. दात गेले की ओठांचा आधार गेला आणि आधार गेला की वादक संपला. हातपाय शाबूत राहतात, माणूस शेतात राबायला धडधाकट राहतो. नाहीशी होते ती फक्त त्याची कला. काउंटने मोठ्या हिशेबाने विचार केला होता, असेच म्हणावे लागते.

शिपायांच्या हाती तो लागला नाही. त्या तरुणाचे नाव यान वात्स्लाव श्टिख. सरहद्द ओलांडल्यावर त्याने हे नाव टाकून दिले आणि जिओव्हानी पुंटो हे इटालियन नाव घेतले. पुढे तीस-पस्तीस वर्षे युरोपभर या दुसऱ्या नावाचा दबदबा होता. मोझार्टने त्याच्यासाठी रचना केली, बेथोव्हेनने केली. पाश्चात्त्य संगीताशी फारसा परिचय नसलेल्या माणसालाही ही दोन नावे ऐकून ठाऊक असतात; पुंटोचे नाव मात्र ठाऊक नसते. त्याच्या आयुष्याची ओळख करून देण्याचा हा अल्पसा प्रयत्न आहे.

आधी वाद्याविषयी थोडे सांगितले पाहिजे, नाहीतर या माणसाने असे काय मोठे केले ते समजणार नाही. आज वाद्यवृंदात जो फ्रेंच हॉर्न दिसतो त्याला बोटांनी दाबायच्या कळा असतात. पुंटोच्या काळी त्या नव्हत्या. हॉर्न म्हणजे वेटोळे केलेली एक लांबच लांब पितळी नळी. एका टोकाला मुखनळी आणि दुसऱ्या टोकाला धोतऱ्याच्या फुलासारखे पसरट तोंड. आपली तुतारी किंवा शिंग याच जातीचे. अशा नळीत फुंकर मारली की वाटेल तो सूर निघत नाही. निसर्गाने ठरवून दिलेले सूरच निघतात. आपल्या भाषेत सांगायचे तर खालून सुरुवात केली की सा, मग वरचा सा, मग प, त्याच्यावरचा सा, मग ग, प, थोडासा उतरलेला कोमल नी, पुन्हा सा, आणि तिथून पुढे कुठे रे, ग असे जवळजवळचे सूर भेटू लागतात. म्हणजे खालच्या बाजूला जिन्याच्या निम्म्या पायऱ्याच नाहीत! शिकारीच्या वेळी इशारे द्यायला एवढे सूर पुरेसे होते. परंतु गाणे वाजवायचे तर गायब पायऱ्या आणायच्या कुठून?

ही अडचण सोडवली ड्रेस्डेनच्या दरबारातील हॉर्नवादक अँटोन योसेफ हांपेल याने, इ. स. १७५० च्या सुमारास. गोष्ट अशी सांगतात की, ओबो नावाच्या सुषिर वाद्याचा आवाज मऊ करण्यासाठी त्याचे वादक तोंडाशी कापसाचा बोळा घालीत. हांपेलने तोच प्रयोग आपल्या हॉर्नवर करून पाहिला. आवाज मऊ होईल अशी त्याची अपेक्षा. पण झाले भलतेच. सूरच अर्ध्या स्वराने चढला! मग त्याने बोळा टाकून आपला उजवा तळहात हॉर्नच्या तोंडात सारला. हात कमी-जास्त आत सारावा तसा सूर सरकू लागला. हरवलेल्या पायऱ्या वादकाच्या मुठीतच होत्या. अर्थात हाताने झाकलेला सूर जरा दबका, नाकातला येतो आणि मोकळा सूर खणखणीत येतो. दोन्ही एका ओळीत, सांधा न दिसता बसवणे हे खरे कसब. या कसबात पुंटोचा हात धरणारा त्याच्या पिढीत कोणी नव्हता.

आता मूळ कथेकडे वळू.

यानचा जन्म २८ सप्टेंबर १७४६ रोजी बोहेमियातील झेहुशित्से या गावी झाला. चास्लाव्ह या नगराजवळचे हे गाव आज चेक प्रजासत्ताकात आहे. बाप काउंट थुनच्या जहागिरीतला भूदास आणि त्याच्या गाडीवर कोचमन. भूदास म्हणजे गुलाम नव्हे, परंतु मोकळा माणूसही नव्हे. धन्याच्या जमिनीवर वेठ करायची हा एक भाग झाला. त्याखेरीज लग्न करायचे तर धन्याची परवानगी, गाव सोडायचे तर धन्याची परवानगी, पोराला एखाद्या धंद्यात घालायचे तरी धन्याचीच परवानगी. पोर जन्मायच्या आधीच त्याचा मालक ठरलेला असे.

गंमत अशी की, या देशात संगीत मात्र खेडोपाडी पसरलेले होते. चार्ल्स बर्नी नावाचा एक इंग्रज संगीतज्ञ १७७२ साली या भागातून प्रवास करीत होता. चास्लाव्हच्या शाळेत त्याने मुले-मुली वाचणे-लिहिणे शिकता शिकता व्हायोलिन, ओबो वाजवताना पाहिली आणि तो थक्क झाला. ज्या सरदाराला घरी वाद्यवृंद ठेवायची हौस असे, त्याला नोकरांतूनच वादक मिळत. सकाळी घोड्याला खरारा करणारा माणूस रात्री जेवणाच्या वेळी वाद्य घेऊन उभा राही. हॉर्नची तर सुरुवातच अशी झाली. १६८० च्या सुमारास काउंट श्पोर्क याने पॅरिसमध्ये हॉर्न ऐकला, तो त्याला इतका आवडला की आपल्या पदरच्या वेन्झेल स्वेडा आणि पीटर रोलिग या दोन नोकरांना त्याने ते वाद्य शिकायला लावले. तेथून पुढे बोहेमियाचे हॉर्नवादक युरोपात नाणावले. वाद्य सरदारांचे आणि दम नोकरांचा, असा हा प्रकार होता.

यानने लहानपणी गाणे, व्हायोलिन आणि हॉर्न यांचे शिक्षण घेतले. मुलगा हुशार आहे हे काउंट थुनच्या ध्यानात आले आणि त्याने त्याला स्वखर्चाने बाहेर शिकायला पाठवले. आधी प्राग येथे योसेफ मातिएका याच्याकडे, मग म्युनिकला शिंडेलार्झ याच्याकडे आणि शेवटी ड्रेस्डेनला खुद्द हांपेलकडे. कोचमनच्या पोराला त्या काळी मिळू शकणारे हे सर्वोत्तम शिक्षण होते, यात शंका नाही. हॉर्नमध्ये हात घालून सूर घडवण्याची विद्या त्याने ती शोधून काढणाऱ्याच्या समोर बसून घेतली.

शिकून तो सतरा-अठरा वर्षांचा होऊन जहागिरीवर परत आला. तिथे त्याला काय मिळाले? नोकराचा पोशाख आणि नोकराची वागणूक. तीन-चार वर्षे त्याने काढली. ज्याने ड्रेस्डेनच्या दरबाराचे संगीत ऐकले, त्याला पंगतीच्या बाजूला उभे राहून हुकमाबरोबर वाजवणे कसे वाटले असेल याची कल्पना करता येते. अखेर विशीत असताना चार सोबत्यांना घेऊन तो पळाला. मग शिपाई, आणि तो दातांचा हुकूम.

येथे काउंटची बाजूही ऐकून घ्यायला हवी, असे मला वाटते. त्याने पैसे खर्च केले होते. तीन शहरांत, तीन गुरूंकडे एका नोकराच्या पोराला शिकवणे ही तेव्हा लहान गोष्ट नव्हती. एखादा म्हणेल की, खाल्ल्या मिठाला न जागणारा हा मुलगा कृतघ्न ठरला. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. त्यामुळे शिकवले कोणी आणि शिकलेले कोणाचे, हा प्रश्न मला पुस्तकातला वाटत नाही. मदत करणारा उठता-बसता मदतीची आठवण करून देऊ लागला म्हणजे मन कसे कोंडते ते अनुभवाने कळते. तरीही उपकार हे उपकारच असतात आणि ते मानले पाहिजेत, असे मी म्हणेन. परंतु काउंटने दिले ते देणे होते की पेरणी होती? घोडा विकत घेऊन त्याला चाल शिकवावी, तसे त्याने यानला शिकवले. घोडा सुटून गेला तेव्हा तो दुसऱ्या कोणाच्या कामाला येऊ नये म्हणून त्याचे पाय मोडायला माणसे पाठवली. विद्येवर प्रेम असणारा माणूस ती विद्या जिवंत राहावी एवढे तरी बघेल. हुकूम दातांचा निघाला, तेथेच काउंटचा ऋणकोवरचा हक्क संपला, असे मला स्पष्टपणे वाटते.

नाव बदलण्यातही शहाणपण होते. जर्मन भाषेत श्टिख म्हणजे टोचणी, टाका. त्याचेच इटालियन वळण पुंटो. यानचे झाले जिओव्हानी. त्या काळी संगीतकार म्हटला की तो इटालियन, अशी युरोपभर समजूत होती, तेव्हा हे नाव धंद्यालाही उपयोगी पडले असणार. पण पहिला उपयोग पाठलाग चुकवण्याचा.

आधी तो हेखिंगेनच्या राजाच्या पदरी राहिला, मग १७६९ ते १७७४ माइंझच्या दरबारी. तेथे म्हणावा तसा मान मिळेना म्हणून तेही सोडले आणि फिरस्ती सुरू केली. हा माणूस कोठेच फार काळ टिकला नाही, हे त्याच्या चरित्रात पुन्हा पुन्हा दिसते. चंचल स्वभाव म्हणा किंवा दावणीचा धसका म्हणा. बर्नीच्या प्रवासवर्णनात कोब्लेन्झ येथे त्याचा उल्लेख येतो, तो लंडन गाजवून आलेला प्रख्यात वादक म्हणून. ज्या प्रवासात बर्नीने चास्लाव्हची शाळा पाहिली त्याच प्रवासातली ही नोंद. त्या शाळेपासून हाकेच्या अंतरावर जन्मलेल्या मुलाविषयी आपण लिहीत आहोत याची बर्नीला कल्पना होती की नाही कोण जाणे!

पॅरिसमध्ये त्या वेळी कॉन्सेर स्पिरिच्युएल ही मोठी प्रतिष्ठित मैफल चाले. तिकीट काढून कोणीही यावे आणि ऐकावे. १७७६ ते १७८८ या काळात पुंटो पॅरिसच्या रसिकांपुढे ४९ वेळा उभा राहिला. बहुतेक वेळा स्वतःच रचलेले कन्चेर्टो वाजवी. पॅरिसच्या राऊ या नामांकित कारागिरांनी त्याच्यासाठी चांदीचा हॉर्न घडवला. नोकर म्हणून धन्याचे पितळी वाद्य वाजवणाऱ्याच्या हातात स्वतःच्या मालकीचे चांदीचे वाद्य आले.

१७७८ च्या वसंतात बावीस वर्षांचा मोझार्ट नशीब काढायला पॅरिसला आला होता. मानहाइमचे तीन वादक तेव्हा तिथे होते : बासरीवाला वेन्डलिंग, ओबोवाला राम आणि बासूनवाला रिटर. चौथा पुंटो. या चौघांसाठी मोझार्टने वाद्यवृंदासह एक मोठी रचना केली. वडिलांना लिहिलेल्या पत्रात त्याने पुंटोच्या वादनाची वाखाणणी केली आहे, आणि मोझार्ट काही सहजासहजी कोणाला वाखाणणारा नव्हता. परंतु मैफलीचा संचालक लग्रो याने त्या रचनेच्या नकला वेळेवर करवून घेतल्या नाहीत. ती वाजलीच नाही, आणि पुढे हस्तलिखितही हरवले. एकोणिसाव्या शतकात तिचे म्हणून जे एक हस्तलिखित सापडले त्यात बासरीच्या जागी क्लॅरिनेट आहे आणि ते मोझार्टचे खरे किती याविषयी जाणकारांत अजून वाद आहेत. म्हणजे पुंटोसाठी मोझार्टने काय लिहिले ते आपल्याला नक्की ऐकताच येत नाही. केवढी ही हानी!

आता पुंटोच्या शिक्षकपणाविषयी. माझ्या दृष्टीने त्याच्या चरित्राचा हाच सर्वांत मोलाचा भाग आहे, कारण वादकाचा सूर हवेत विरतो, आणि त्या काळी ध्वनिमुद्रण कुठले? मागे राहिले ते त्याने शिकवलेले. १७७७ साली त्याला लंडनला बोलावणे आले, ते इंग्लंडचा राजा तिसरा जॉर्ज याच्या खाजगी वाद्यवृंदातील हॉर्नवादकांना शिकवण्यासाठी. एका भूदासाचा मुलगा राजाच्या नोकरांचा गुरू झाला. पॅरिसमध्ये हाइन्रिख डॉमनिख हा वुर्झबुर्गचा तरुण त्याच्याकडे शिकला. रोजच्या रियाजासाठी पुंटोने अभ्यासाचे धडे रचून छापले. आणि हॉर्नच्या शिक्षणाचे एक क्रमिक पुस्तकही पॅरिसमध्ये प्रसिद्ध केले.

या पुस्तकाचे मुखपृष्ठ विचार करण्याजोगे आहे. पुंटो तोवर एवढा प्रसिद्ध झाला होता की नुसत्या त्याच्या नावावर पुस्तक खपले असते. हांपेल १७७१ मध्येच वारला होता. विचारायला येणारा कोणी नव्हता. तरी पुस्तक हांपेलने रचलेले आणि त्याच्या शिष्याने, पुंटोने, पूर्णत्वास नेलेले आहे, अशी सरळ नोंद शीर्षकातच आहे. बापाने दिलेले नाव ज्याला टाकावे लागले, त्याने गुरूचे नाव टाकले नाही. काउंटचे ऋण फेडण्याचा प्रश्न कोणी काढलाच, तर त्याला पुंटोने दिलेले उत्तर या मुखपृष्ठावर आहे असे मला वाटते : शिकवणी कोणाच्या पैशाने झाली याहून ती कोणाकडून मिळाली हे त्याने मोठे मानले.

हॉर्नवादकांत तेव्हा दोन पंथ होते. उंच सुरांत वाजवणारे ते पहिले आणि खालच्या सुरांतले ते दुसरे. दुसरा म्हणजे दुय्यम अशी आपली सहज समजूत होते. पण सुरांमधल्या रिकाम्या जागा आहेत त्या खालच्या बाजूलाच, म्हणून हाताचे खरे काम तिथेच. हांपेल दुसरा हॉर्न वाजवी, पुंटोही त्याच पंथाचा. त्यांनी खालच्या जागेवर राहून ती जागाच मोठी करून ठेवली.

१७८१ मध्ये तो वुर्झबुर्गच्या धर्माधिकारी राजाच्या सेवेत शिरला, आणि वर्षभरात पॅरिसला काउंट दार्त्वा याच्याकडे आला. हा फ्रान्सच्या राजाचा भाऊ. पुढे दहावा चार्ल्स म्हणून स्वतःच राजा झाला. तेथे त्याने व्हायोलिनवादक आणि वाद्यवृंदाचा प्रमुख म्हणून काम केले. योगायोग असा की, त्याच सुमारास त्याच्या मायदेशात मोठी घटना घडत होती. १ नोव्हेंबर १७८१ रोजी सम्राट दुसरा जोसेफ याने बोहेमियातील भूदास्य रद्द केल्याचे फर्मान काढले. लग्न, स्थलांतर, धंदा यांसाठी धन्याच्या परवानगीची गरज उरली नाही. वेठ मात्र १८४८ पर्यंत चालूच राहिली. ज्या गोष्टीसाठी श्टिख चोरासारखा पळाला ती पंधरा वर्षांनी कायदेशीर झाली! तरीही तो लगेच परत गेला नाही. पुढची वीस वर्षे तो पुंटोच राहिला.

फ्रेंच राज्यक्रांतीत बास्तिय पडल्यावर काही दिवसांतच काउंट दार्त्वा देश सोडून पळाला. या वेळी धनी पळाला आणि नोकर मागे राहिला. पुंटोने एका नाट्यगृहात व्हायोलिन हाती धरून वाद्यवृंद चालवण्याचे काम पत्करले आणि ती धामधुमीची वर्षे तेथेच काढली. १७९५ साली पॅरिसला कॉन्सर्व्हेत्वार हे सरकारी संगीत विद्यालय उघडले. तेथे हॉर्नच्या प्राध्यापकाची जागा आपल्याला मिळेल अशी त्याची आशा होती. वय ४९, कीर्ती सर्वत्र, पाठ्यपुस्तक हाताशी. जागा मिळाली नाही. नेमलेल्या प्राध्यापकांत होता त्याचाच शिष्य डॉमनिख. आपल्या विद्यार्थ्याला ती खुर्ची मिळालेली पाहून गुरूला आनंद झाला की वाईट वाटले? मला वाटते दोन्ही झाले असेल. चार वर्षांनी त्याने पॅरिस सोडले.

म्युनिकमार्गे तो व्हिएन्नाला पोहोचला आणि तेथे त्याची गाठ एकोणतीस वर्षांच्या बेथोव्हेनशी पडली. १८ एप्रिल १८०० रोजी बुर्ग थिएटरमध्ये दोघांचा कार्यक्रम जाहीर झाला. बेथोव्हेनची नवी सोनाटा वाजणार अशी जाहिरात लागली तेव्हा सोनाटा लिहून तयार नव्हती. ती आदल्या दिवशी लिहिली, असे बेथोव्हेनचा शिष्य रीस याने नमूद केले आहे. हीच हॉर्न आणि पियानोची एफ मेजरमधील सोनाटा, ओपस १७. सुरुवातीला पियानो गप्प असतो आणि हॉर्न एकटाच हाक घालतो. त्यानंतर पियानो उत्तर देतो. खालच्या सुरांत पुंटोच्या हाताची करामत दिसेल अशा जागा बेथोव्हेनने मुद्दाम ठेवल्या आहेत. दरबारच्या त्या नाट्यगृहात पुन्हा वाजवा असा आग्रह धरण्यास मनाई होती. मनाई विसरून लोकांनी टाळ्यांचा असा कडकडाट केला की दोघांनी संपूर्ण सोनाटा पहिल्यापासून पुन्हा वाजवली.

मे महिन्यात हीच जोडी हंगेरीत वाजवायला गेली. तिकडच्या वर्तमानपत्रातली बातमी मोठी मजेशीर आहे. पुंटोला सगळे ओळखतात, पण हा दुसरा कोण, असा प्रश्न त्यात विचारला आहे आणि बेथोव्हेनचे नावही चुकीचे छापले आहे! दोनशे वर्षांत हा प्रश्न बरोबर उलटा झाला. सोनाटा पुढच्या वर्षी छापून निघाली तेव्हा ती अर्पण केली होती नाट्यगृहाच्या संचालकाच्या पत्नीला, बॅरोनेस ब्राऊन यांना. ज्याच्या दमावर ती उभी राहिली त्याला नव्हे. त्या काळच्या रीतीप्रमाणे यात वावगे काही नव्हते, हे खरे. पण वाचताना मनाला लागतेच.

१८०१ मध्ये, तीस वर्षांहून अधिक काळानंतर, तो प्रागला परतला. मे महिन्यात तेथील मोठ्या नाट्यगृहात त्याचा कार्यक्रम झाला. चोरवाटेने गेलेला माणूस आता वाजतगाजत आला. १८०२ मध्ये पियानोवादक डुस्सेक याच्यासह तो चास्लाव्हला वाजवून आला. डुस्सेक हा मूळचा चास्लाव्हचा, आणि झेहुशित्से तेथून थोड्याच अंतरावर. त्या श्रोत्यांत कोचमन श्टिखला ओळखणारे एखादे म्हातारे माणूस बसले असेल काय?

त्यानंतर त्याला फुप्फुसाच्या आवरणाच्या सुजेने गाठले. ज्याचे सारे आयुष्य श्वासावर उभे, त्याचा श्वासच अडला. पाचेक महिने अंथरुणावर काढून १६ फेब्रुवारी १८०३ रोजी प्राग येथे त्याने देह ठेवला. वय ५६. सेंट निकोलस चर्चमध्ये हजारो लोक जमले आणि मोझार्टचे रिक्वियम गायले गेले. मोझार्टने त्याच्यासाठी लिहिलेली रचना त्याला कधी वाजवायला मिळाली नव्हती. ही मिळाली, पण ऐकायला तो नव्हता. त्याच्या थडग्यावर लॅटिनमध्ये दोन ओळी कोरल्या. त्यांत त्याच्या नावावर कोटी केली आहे आणि ती पुंटो या नावावर आहे. स्वतःच्या देशात, स्वतःच्या माणसांतही तो श्टिख म्हणून पुरला गेला नाही.

त्याने सोळा हॉर्न कन्चेर्टो लिहिले. त्यांतले काही हरवले, बाकीचे आजही वादक वाजवतात. दोन हॉर्नसाठी, तीन हॉर्नसाठी लिहिलेले छोटे तुकडे तर शंभरावर आहेत. त्यांतले बरेचसे शिकणाऱ्यांसाठीच. मोझार्टच्या शेजारी ठेवले तर रचनाकार म्हणून तो लहान दिसतो, हे कबूल करायला हरकत नाही. डॉमनिखने पॅरिसच्या विद्यालयात १८१७ पर्यंत शिकवले आणि एक मोठा ग्रंथ लिहिला. हांपेलच्या कापसाच्या बोळ्याची जी गोष्ट वर सांगितली, ती जगाला कळली ती डॉमनिखच्या या ग्रंथामुळे. त्याने ती पुंटोकडून ऐकली असावी, दुसरीकडून कुठून ऐकणार?

१८१८ साली श्टोल्झेल आणि ब्ल्यूमेल या दोघांना प्रशियात कळांच्या हॉर्नचे पेटंट मिळाले. कळ दाबली की नळीची लांबी बदलते आणि हवा तो सूर निघतो. हात घालून सूर शोधण्याची गरज हळूहळू संपली. कळा डाव्या हाताकडे आल्या. आजही कोठल्याही वाद्यवृंदातल्या हॉर्नवादकाकडे पाहावे, त्याचा उजवा हात हॉर्नच्या तोंडातच असतो.